बाबाची मशीन अन् छतावरचं ऑन-ग्रिड

जोधपूर, ६ मे

आईले संघपालचा मनापासून जय भीम.

आपल्या छतावरच्या सोलर पाट्यांची खरी किंमत म्हणजे दोन बुद्धजयंत्या अन् आपल्या रूपाचं लग्न. त्या घेण्यासाठी मी इथंच कामावर राह्यलो. बसवल्या तेव्हा मात्र विहारापाशी छाती फुगवून म्हटलं होतं, सारं इंझोरी गाव अंधारात गेलं तरी आमचा दिवा विझणार नाही.

मी बरा आहे. हाताखाली बारा माणसं आहेत. दुपारी ताक मिळते.

रविवारी भर दुपारी आपण फोनवर बोलत होतो अन् बाबाच्या ऑक्सिजन मशीनची घरघर थांबली. मी विचारलं, तर तू म्हणाली, "काई नाई रे, पंखा बंद केला." माय, माझे कान शाबूत आहेत. मागं बाबा धापा टाकत होते.

लाईन गेली, पण एवढ्या उन्हात सोलर काहून बंद, असं तुले वाटलं असन. आपलं सोलर ऑन-ग्रिड आहे, म्हणजे गावच्या लाईनले जोडलेलं. ते बिल कमी करते, पण लाईन गेली की आपोआप बंद होते. नाहीतर खांबावर चढलेल्या वायरमनले आपल्या छताचा करंट लागन. बसवलं तेव्हा बाबाले मशीन नव्हती. मशीन आली तेव्हा मले सुचायले पाहिजे होतं, नाही सुचलं.

वीस तारखेले मशीनसाठी बॅटरी अन् इन्व्हर्टर घेऊन येतो. तोवर ऑक्सिजनचा भरलेला सिलेंडर खाटेपाशीच ठेव. बाबा जेवतात का?

विहारापाशी कोणी विचारलं तर खरं सांग. लाईन गेली की आपल्या घरचीही जाते.

तुझा,
संघपाल