नऊ वाजताची हजेरी

पांढुर्णा, रविवार

प्रिय मृणाल,

परवापासून तू फोन उचलत नाहीस, म्हणून लिहून राहिलो. शेजारची प्रणाली दुपारच्या बसनं सौसरला येते आहे, तिच्या हाती हे पत्र देतो. उद्या अकराला आपल्या दोघांच्या ऑफिसात तुझी चौकशी आहे, त्याच्याआधी वाच बाई, हात जोडतो.

तुझी नोकरी राहते की जाते, घरात दुसरं बोलणंच नाही. आई म्हणते, लॅपटॉप बंद करून यायला काय झालं होतं पोरीला! तूही माफीनाम्यात तेच लिहिलंस. अगं, नुसता सुरू राहिल्यानं काय होते? व्हीपीएन जोडलं तरच ऑफिसात हजेरी लागते, नाही जोडलं तर आपोआप सुट्टी. म्हणून तर पोळ्याच्या दुसऱ्या दिवशीच्या गोटमारीच्या जत्रेसाठी माहेरी येताना तू अर्ज टाकला नाहीस. बरोबरच केलंस. तरी त्या दिवशी सौसरच्या रिकाम्या घरातून नऊ ते सहा तुझी हजेरी लागली.

तिकडं लाइन दहादा जाते, दरवेळी पासवर्ड टाकून तू वैतागायचीस. म्हणून मी एक स्क्रिप्ट कॉम्प्युटरच्याच शेड्युलरमध्ये बसवून दिली, की लाइन आल्याबरोबर तुटलेलं व्हीपीएन आपलं आपण जुळेल. किती खुश झालीस! सासूबाईंपुढं दादाचं कौतुक करून आलीस.

ती स्क्रिप्ट तुझ्यासाठी लिहिलीच नव्हती गं. माझी होती, तशीच उचलून दिली. त्यात एक ओळ जास्तीची होती, रोज सकाळी नऊला आपोआप जोडून सहाला सोडायची. मी तिगावच्या बगीच्यात संत्री पाहत फिरायचो आणि ऑफिसात हजर दिसायचो. पोळ्याच्या दिवशी मी जत्रेच्या सुट्टीसाठी माझ्याकडची ओळ आठवणीनं बंद केली. तू समोरच आईसोबत पुरण वाटत बसली होतीस, तरी तुझी आठवली नाही. शुक्रवारी साहेबांनी मला विचारलं, हे कसं झालं असेल. मी म्हटलं, माहीत नाही. लय घाबरलो होतो, मृणाल.

आज सकाळी त्यांना सगळं लिहून पाठवलं, माझ्या तीन महिन्यांच्या खोट्या हजेरीसकट. माझं जे व्हायचं ते होईल. हे तुला साहेबांच्या तोंडून कळू नये, म्हणून हे पत्र. तू उद्या पहिल्यांदा तो माफीनामा परत माग. आणि माझी बाजू घ्यायला अजिबात जाऊ नको.

तुझाच,
वीरेंद्रदादा