गोदीच्या जमिनीवरची खोली

बाबा, आईने खोली सोडली. तुम्हाला सांगायला हवं, कारण खोली तुमच्या नोकरीमुळे मिळाली होती आणि तुमच्यानंतर कागदावर आईचं नाव चढलं तरी चाळीत सगळे तिला तुमचीच खोली म्हणत. रे रोडच्या बाजूची आपली चाळ आता पाडायची आहे. तिच्याखालची जमीन बंदराची. तिथून शिवडीपर्यंतचा किनारा मोकळा करून नव्याने बांधायचा, असं ठरलं आहे. गोदामं जातील, लाकडाच्या वखारी जातील, पाण्याच्या कडेने फिरायला रस्ता होईल, बाग होईल आणि मागे उंच इमारती. त्यांतल्या एकीत चाळीतल्या लोकांना घर मिळेल, ते होईपर्यंत दुसरीकडे राहायचं. आईला जायचं होतं. तिने जाऊ नये असं मला वाटत होतं. गेलं वर्षभर आम्ही दोघी यावरून भांडलो.

तुमच्याशी मी गोदीबद्दल कधी नीट बोलले नाही. तुम्हीही बोलायचा नाहीत. संध्याकाळी तुम्ही मोरीत उभे राहून मानेवर पाणी ओतून घ्यायचात आणि खाली वाहणाऱ्या पाण्याच्या रंगावरून आई ओळखायची, आज जहाजात काय होतं. पिवळं म्हणजे गंधक. त्या दिवशी तुमचे डोळे लाल असायचे आणि आई तुमचे कपडे आमच्या कपड्यांत मिसळू द्यायची नाही. राखाडी म्हणजे सिमेंट. खजुराच्या दिवशी पाणी स्वच्छ असायचं आणि गॅलरीतली मुलं आमच्या दाराशी घुटमळायची. तुमचं काम जहाजाच्या पोटात उघडणाऱ्या तोंडाशी उभं राहून वर क्रेनवाल्याला हाताने खुणा करण्याचं. त्या गोंगाटात आवाज पोचत नाही, म्हणून सगळं हातावर. घरीही तुम्ही तसेच. माळ्यावरचा डबा खाली हवा असला की तळवा जमिनीकडे करून हात खाली-वर हलवायचा आणि तोंडाने हळूच म्हणायचं, ‘आरिया’. परत वर ठेवायचा असला की बोट आभाळाकडे, ‘हाबेस’. खलाशांचे हे शब्द. आई चिडायची. ‘मी काय क्रेन आसंय?’ म्हणायची, आणि डबा काढून द्यायची.

एकदाच तुम्ही मला आत नेलंत. दसरा होता. क्रेनची पूजा होती. लोखंडी पायांना झेंडूचे हार बांधले होते, नारळ फुटत होते, गेटवर त्या दिवशी कुणी फारसं विचारत नव्हतं. मी नवा फ्रॉक घातला आहे. पायाखाली दगडी धक्का, त्याच्या कडेला जहाजाची भिंत, आणि ती भिंत किंचित हलते आहे, हे मला अजून दिसतं. शेजारच्या धक्क्यावर एका जहाजाचं काम चालू होतं. त्या क्रेनच्या केबिनमध्ये आपल्या शेजारच्या खोलीतले काका बसले होते. इतक्या उंचावर ओळखीचा माणूस पाहून मला आनंद झाला. मी हात वर करून तळवा त्यांच्याकडे धरला, टाटा करायला. क्रेन थांबली. जाळ्यातली पोती हवेत तशीच राहिली, हेलकावत. खालचे सगळे मागे वळून बघायला लागले आणि कुणीतरी ओरडलं, ‘कुणी थांबवलं रे?’ तुम्ही माझा हात धरून खाली केलात. तुमच्याच जोडीचा माणूस तिथे खुणा करत होता, त्याच्याकडे बघून तुम्ही मान हलवलीत, मग त्याने काम पुन्हा सुरू केलं.

मला वाटलं, आता मार बसणार. तुम्ही मला धक्क्यापासून दूर नेऊन एका साखळदंडावर बसवलंत आणि म्हणालात, ‘हय हात उगाच वर करूचो नाय.’ मी रडायला लागले तेव्हा तुम्ही खाली बसलात. उचल आणि खाली सोड हे सांगायचा हक्क एकाच माणसाला, म्हणालात, बाकी कुणी सांगितलं तरी क्रेनवाला ऐकत नाही. थांब मात्र कुणीही म्हणू शकतं. पाणी देणारासुद्धा. आणि तो थांबतो, का म्हणून विचारत नाही. ‘चुकून थांबयला तर येळ जाता. चुकून उचल्ला तर मानूस जाता.’ घरी परतताना तुम्ही मला बर्फी घेऊन दिलीत. शेजारच्या काकांनी पुढे कित्येक वर्षं मला गॅलरीत पाहिलं की दोन्ही हात वर करून जागच्या जागी उभं राहायचं सोडलं नाही.

पुढे सामान कंटेनरच्या पेट्यांतून यायला लागलं आणि पेट्या खाडीपलीकडच्या नव्या बंदरात उतरायला लागल्या. तुमची टोळी मोडली. तुम्ही मुदतीआधी घरी बसलात. दुपारी गॅलरीत खुर्ची टाकून तुम्ही रस्त्यावरचे ट्रक बघायचात. तुम्ही गेल्यावर इकडे काय काय झालं ते सांगते. दोन जुन्या गोद्या भरून टाकल्या; जिथे जहाजं उभी राहायची तिथे आता जमीन आहे. शिवडीवरून समुद्रावर पूल गेला. भाऊच्या धक्क्यावरून मोटारी बोटीत चढून मांडव्याला जातात. मी कॉलेजात मराठी शिकवते, त्यामुळे असल्या गोष्टींवर चार लोकांत बोलायची मला सवय आहे. समुद्र बुजवून ही जमीन केली, माल उतरवायला. आता माल नाही, तर तीच जमीन समुद्राजवळ आहे म्हणून महाग. हे वाक्य मी दोन-तीन ठिकाणी म्हटलं. लोकांना आवडतं.

आईला नाही आवडलं. ‘म्हणजे मी काय करू?’ ती म्हणाली. पावसाळ्यात ती गॅलरीच्या टोकाच्या संडासाकडे जाताना पडली होती. समोरच्या खोलीतल्या बाईने तिला उचलून आणलं, गुडघ्याला हळद लावली आणि मला सांगू नये म्हणून दोघींनी ठरवलं. मला ते गणपतीत कळलं. मी दादरला माझ्याकडे चल म्हटलं.

‘तुझ्याकडे कोण आहे दिवसभर?’

‘कोण नाही. मग इथेच राहा. इथे पडलीस तर उचलायला माणूस आहे. टॉवरमध्ये दार लावलं की संपलं.’

‘टॉवरमध्ये पडायचंच कशाला? संडास घरात असतो.’

‘आई, एकदा तुम्ही सगळे इथून गेलात की गोदीचं माणूस गोदीजवळ एकही उरणार नाही.’

‘गोदी खंय आसा?’ ती म्हणाली. ‘दाखव माका.’

मला ते पटलं नाही. मी माहिती काढली. पलीकडच्या एका चाळीतली माणसं तात्पुरती म्हणून शहराच्या टोकाला नेली होती, आणि त्यांतली म्हातारी माणसं परतीची वाट बघत तिथेच संपली होती. हे मी आईला सांगितलं. तिने ऐकून घेतलं आणि तांदूळ निवडत राहिली.

मग गणपती मंडळाच्या हॉलमध्ये बैठक झाली. त्या दिवशी लोकांनी संमती द्यावी असं बंदराच्या कार्यालयातून आलेल्या माणसाला हवं होतं. तरुण होता, नम्र होता. त्याने भिंतीवर चित्रं दाखवली. पाण्याच्या कडेला झाडं, सायकली, छत्र्यांखाली कॉफी पिणारी माणसं. एका चित्रात क्रेन होती, पिवळ्या रंगाने रंगवलेली, तिच्याभोवती बाकं. शोभेसाठी ठेवणार आहेत, तो म्हणाला. मी उठले. मी चांगली बोलले, असं मला बोलतानाच वाटत होतं. या चित्रांत घाम आलेला एकही माणूस नाही, असं मी म्हटलं. समुद्र बुजवण्याचं ते वाक्यही आलं. शेजारचे काका आता फार म्हातारे झाले आहेत आणि त्यांना ऐकू येत नाही. त्यांनी सुनेला मोठ्याने विचारलं, ‘काय सांगता ता?’

‘इतिहास सांगतायत.’

‘मगे जेवन करून येवया.’

हॉल हसला. मीही हसले आणि पुढे बोलू लागले. तेव्हा पहिल्या रांगेत बसलेल्या आईने हात वर केला. पूर्ण वर, तळवा माझ्याकडे. मी वाक्याच्या मध्येच थांबले. का, विचारलं नाही. मागे बसलेल्या गोदीतल्या जुन्या माणसांत एकदम कालवा झाला आणि काका टाळी वाजवत ओरडले, ‘थांबयल्यान गे तुका! तुझ्या बापाशीची बायल ती!’

आई उठली. ‘मी बोलू?’ तिने त्या माणसाला विचारलं. ‘खोली केवढी ते तुम्ही बघा. संडास आत पाहिजे. आणि बांधून होईपर्यंत आम्हाला ठेवणार कुठे?’

‘आजी, त्याची व्यवस्था केली जाईल.’

‘आजी तुमच्या घरी. कुठे ते सांगा.’

‘ते अजून ठरायचंय.’

‘मग ठरवून या. काळाचौकी, करी रोड, शिवडी, इथेच कुठेतरी. लांब नेणार असाल तर मी सही करणार नाही. म्हातारी माणसं तिकडे जाऊन परत येत नाहीत, ही माझी मुलगी सांगते. शिकलेली आहे ती.’

त्या दिवशी कुणीच सही केली नाही. घरी येताना मी तिला विचारलं, ती खूण तिला तुम्ही शिकवली होतीत का. ‘कसली खूण?’ ती म्हणाली. ‘बोलायचं होतं म्हणून हात वर केला. शाळेत करतात तसा. तू थांबतच नव्हतीस.’

नंतर बऱ्याच खेपा झाल्या. कार्यालयाने दोनदा दुसरी ठिकाणं सुचवली, दोनदा आई नाही म्हणाली, आणि चाळ तिच्यामागे उभी राहिली. शेवटी करी रोडला, तयार इमारतीत जागा मिळाली. तेव्हा तिने सही केली. नवी इमारत कधी उभी राहील हे कुणी सांगत नाही. मी विचारते, आई विचारत नाही. तिच्या हिशेबाने काम झालं आहे. खोली रिकामी करताना मला वाटलं होतं ती उंबऱ्याशी घुटमळेल. तिने केरसुणी घेऊन शेवटचा केर काढला, कुलूप लावायला माझ्या हातात दिलं आणि टेम्पोवाल्याला सांगितलं की पाट्याला धक्का लागला तर पैसे कापीन.

आता ती बाराव्या मजल्यावर राहते. सुरुवातीला दिवसभर दार उघडं टाकायची, तेव्हा खालून वॉचमनचा फोन यायचा की मावशी, दार लावा. तिने लावलं नाही. आता समोरच्या घरातली गुजराती बाई आपलंही दार उघडं ठेवते आणि दोघी आपापल्या दारात बसून भाजी निवडतात, एक मराठीत बोलते, दुसरी गुजरातीत. काका त्याच इमारतीत आहेत, चौथ्यावर. लिफ्टमध्ये ते अजून घाबरतात, म्हणून आई त्यांना भेटायला खाली जाते आणि येताना त्यांच्या सुनेशी भांडून येते. तिच्या खिडकीतून गोदीचा एक तुकडा दिसतो. मी तिला दाखवला. ‘दिसता,’ ती म्हणाली आणि खिडकी लावून घेतली, कारण धूळ येत होती. गुडघा बराच बरा आहे. संडास आत आहे.

हे मी तिला वाचून दाखवणार नाही. दर रविवारी मी तिच्याकडे जाते, जेवते, दुपारभर थांबते. बोलता बोलता तिने एकदा तरी म्हणावं की इथे करमत नाही, म्हणून मी वाट बघते. तिने अजून म्हटलेलं नाही. दर वेळी लिफ्टने खाली येताना मला थोडा राग आलेला असतो, बाबा, आणि तो कुणाचा, हे मी स्वतःलाही विचारत नाही.