डावा गाल

प्रिय पेइवेनताई,

माझ्या अक्षराला हसू नकोस. शाळेनंतर इतकं मोठं काही मी कागदावर लिहिलेलं नाही, आणि शाळेतसुद्धा निबंध तूच लिहून द्यायचीस. फोनमधून तू मला काढून टाकलंस, तेव्हा दुसरा उपाय राहिला नाही. पाकिटावर पाठवणाऱ्याचं नाव छाई बाईंचं घातलंय. आपल्या कोचचं नाव बघून तरी तू ते न फोडता फेकणार नाहीस, असा माझा अंदाज. बाईंना हे माहीत नाही. कळलं तर माझी धडगत नाही.

महिनाअखेरीला व्हॉलीबॉल संघाच्या पटावरून तुझं नाव कमी होणार, असं बाई म्हणाल्या. एकदा ते झालं की संपलं, सत्ताविसाव्या वर्षी तू कायमची माजी खेळाडू. हे माझ्यामुळे होतंय का, हे मला तुला विचारायचं होतं. पण विचारायला बसले की प्रश्नच हातातून निसटतो. कधी वाटतं माझ्यामुळेच, कधी वाटतं मी कोण एवढी मोठी लागून गेले. सारखं तळ्यात-मळ्यात चाललंय. पत्रही तसंच होणार, सांभाळून घे.

मी परत आपल्या वसतिगृहात आलेय, त्याच खोलीत. तुझ्या खाटेवर आता नवी सेटर झोपते, तुझ्या जागी मला बॉल उचलून देणारी. एकोणीस वर्षांची आहे, गुणी आहे, मला ताई म्हणते आणि माझ्या आधी उठून थर्मासमध्ये गरम पाणी भरून ठेवते, म्हणजे रागवायलाही जागा ठेवत नाही. तिचे बॉल इतके नेमके येतात की फूटपट्टी लावून बघावेत. आणि मी ते नेटमध्ये मारते, एकामागून एक. काल बाई सगळ्यांसमोर म्हणाल्या, "दोन वर्षं समुद्राकाठी ठेवली होती, ती काय मासे खायला?" सगळ्या हसल्या, मीही हसले. पण खरं सांगू, माझा हात तिच्या बॉलला उठतच नाही. तुझा बॉल जरा बुटका यायचा आणि नेटपासून किंचित लांब. चूकच ती, पण मी त्या चुकीतच वाढलेय.

आपल्या दोघींच्या हातांचे एक्स-रे एकाच दिवशी काढले होते, आठवतं? अकरा वर्षांच्या पोरी आपण. हाडं बघून डॉक्टर कुणाची उंची किती होणार ते सांगायचे, आणि त्यावरून क्रीडाशाळेत कोण राहणार न् कोण घरी जाणार ते ठरायचं. मला एकशे नव्वद सांगितलं, तुला एकशे सत्त्याऐंशी. माझं हाड खरं बोललं, तुझं थापाडं निघालं. तुझ्या आजीनं हाडांचं सूप पाजलं, दूध पाजलं, दाराच्या चौकटीला लोंबकळायला लावलं, पण एकशे शहात्तरला तू जी थांबलीस ती थांबलीस. त्या वर्षी हाडं खोटी ठरलेल्या सगळ्या मुली सामान आवरून गेल्या. तूही पिशवी भरली होतीस. तेवढ्यात बाई आल्या, त्यांनी तुझे पंजे उलटेपालटे करून बघितले आणि म्हणाल्या, "राहू दे हिला. सगळ्याच जेवायला बसल्या तर वाढणार कोण?"

त्या दिवसापासून तू वाढलंस आणि मी जेवले. मधल्या जागेवरून जलद फटका मारायचा तर बॉल तुझ्या हातांत पोचायच्या आधीच मी हवेत असायला हवं. तू बॉल दिला नाहीस तर मी तिथं हवेतच वेडी ठरणार. तू मला तसं कधी होऊ दिलं नाहीस. मी फटके मारायचे, टाळ्या मला पडायच्या आणि बाईंच्या शिव्या तेवढ्या तुला: "बॉल दिलाय, बाळ नव्हे, गोंजारत काय बसतेस?"

आता त्या गालाबद्दल. सेट द्यायचा सोडून, डाव्या हातानं फसवून बॉल पलीकडे टाकायचा असं तू ठरवलंस की सर्व्हिसच्या शिट्टीआधी तुझा डावा गाल फुगायचा. तुला त्याचा पत्ताही नसायचा. मी त्यावरून तुला बेडूक म्हणायची. मग ज्युनियरच्या एका सामन्यात समोरच्यांनी ते हेरलं, आपण हरलो, आणि बाईंनी तुझ्या गालावर चिकटपट्टी लावून तुला खेळायला लावलं. गाल फुगला की पट्टीची ओढ बसायची आणि तुझ्या डोळ्यांत पाणी यायचं. मला तेव्हा बाईंचा राग आला होता. पण सतराव्या वर्षी ती सवय गेली ती गेली. त्यानंतर तुझा गाल फुगलेला मी कधीच पाहिला नाही. हे मी एवढ्यासाठी सांगतेय की माझं सगळं घोडं इथंच अडलंय.

राष्ट्रीय क्रीडा महोत्सव जवळ आला की प्रांताप्रांतांत खेळाडूंची देवघेव होते, हे आपण लहानपणापासून बघत आलो. पण ते आपल्यावर येईल असं मला कधी वाटलं नव्हतं. किनाऱ्यावरच्यांनी मला मागितलं आणि बाईंनी मला देऊन टाकलं. मी बसमध्ये बसताना आई रडली, तू नाही. तू म्हणालीस, तिकडे भात असतो, नूडल्ससाठी भोकाड पसरू नकोस. सासरी पाठवतात तसंच होतं ते. नव्या घरात मी वर्षभर कुणाच्या ना कुणाच्या पायात पाय घालत होते. मिऱ्यांचं सूप नाही, सकाळी पांचट पेज. आणि तिकडची सेटर इतका उंच बॉल द्यायची की हवेत मला वाट बघावी लागायची. कोणी वाईट वागलं नाही, उलट लाडच केले. तरी गुण मिळाला की मी आधी डावीकडे बघायची, तू तिथं असल्यासारखी.

आणि मग तो सामना. पहिल्या आठांत कोण जाणार त्याचा, आणि समोर तुम्ही. माझे बाबा आपल्या प्रांताचा झेंडा घेऊन बसले होते, आईनं 'मेंगलू' अशी माझ्या नावाची पाटी धरली होती, दोघं शेजारी शेजारी, आणि एकमेकांशी बोलत नव्हते. बाईंनी आदल्या दिवशी तुम्हाला सांगितलं असणार की मेंगलूला सगळं माहीत आहे, सगळं बदला. तुम्ही बदललंतही. बोटांच्या खुणा नव्या, बॉलची उंची नवी. मला तुझं काहीच वाचता येईना, आणि ताई, खोटं कशाला बोलू, मला बरंच वाटत होतं. पाचव्या सेटपर्यंत आपण सगळ्या अंगातला जीव काढून खेळलो. चौदा-तेरा, आम्ही पुढे. सर्व्हिस आमची. तू नेटजवळ येऊन उभी राहिलीस, माझ्या बरोब्बर समोर. पाठीमागे तुझ्या बोटांनी तुझ्या मुलींना काहीतरी सांगितलं असेल. आणि जाळीपलीकडून माझ्याकडे बघत तुझा डावा गाल फुगला.

पुढचं तुला माहीत आहे. तुमची मधली खेळाडू उडाली, तिच्याबरोबर उडणं हे माझं काम. मी नाही उडाले. मी तुझी वाट बघितली. तुझा डावा हात वर आला तेव्हा माझे दोन्ही हात तिथंच होते. बॉल तुझ्या पायाशी पडला आणि आमच्या मुली माझ्या अंगावर कोसळल्या. मला त्या ढिगाखालून आईची पाटी उलटी दिसत होती. नंतर नेटखालून हात मिळवताना तू एवढंच म्हणालीस, "उशीर केलास." सरावात रोज म्हणायचीस तसंच, त्याच आवाजात. आणि त्या दिवसापासून तू माझ्याशी बोललेली नाहीस.

म्हणजे काय, ताई? माझ्या डोक्याचा पार भुगा झालाय. सुंभ जळला तरी पीळ जात नाही म्हणतात, तसं दमल्यावर जुनी सवय वर आली असेल? तसं असेल तर मी तुझ्या अंगातली दुबळी जागा बघून तिथंच मारलं, आणि ती जागा कोणाला न सांगता मी सांभाळून ठेवायला हवी होती. की तू मुद्दाम दाखवलंस? मग ते माझ्यासाठी होतं का? तुझ्या मुली मागं उभ्या असताना तू त्यांना सोडून मला वाढलंस का? तसं असेल तर मला तुझा राग येतो, फार राग येतो. आणि तिसरं असं की मुद्दाम फुगवून मला चकवायचं, मी तुझ्यावर येणार आणि बॉल मधल्या मुलीला द्यायचा, असा तुझा डाव असेल, आणि ऐन वेळी हात ऐकला नसेल. रोज सकाळी मला यातलं एक खरं वाटतं. दुपारच्या सरावापर्यंत दुसरं.

त्यात परवा बाईंनी आणखी एक काडी टाकली. जेवणाच्या खोलीत सहज बोलल्यासारखं म्हणाल्या की किनाऱ्यावरच्यांनी आधी मला मागितलंच नव्हतं, त्यांना सेटर हवी होती. तुला मागितलं होतं. तिकडे पदकाची खात्री, तिकडे नाव, आणि तू म्हणालीस, मला नको, मेंगलूला न्या. मी भात चिवडत बसले. बाईंना विचारलं, तिनं असं का केलं. तर म्हणाल्या, "मला काय विचारतेस? मी बॉल शिकवला, मनं नाही शिकवली." आता सांग, मी काय समजायचं? तू माझ्यासाठी पदक सोडलंस, का तुला माझ्यापासून जरा मोकळं व्हायचं होतं? इतकी वर्षं वाढून वाढून तू कंटाळली असशील, तर तेही मला समजतं. मीच असते तर कधीच कंटाळले असते. शेवटी आम्हाला मिळालेलं ते पदक माझ्या मोज्यांच्या खणात आहे. भिंतीवर लावावं असं अजून वाटलेलं नाही.

आणि तुझा बॉल अडवला त्या एका ब्लॉकवरून मला बीजिंगचं बोलावणं आलंय. राष्ट्रीय संघाचं शिबिर. आपण दोघी वसतिगृहाच्या गच्चीवर कपडे वाळत घालताना ज्याच्या गप्पा मारायचो तेच. निवडणारे म्हणाले म्हणे, ही मुलगी समोरच्याचं मन वाचते. मी वाचते! मला तुझं वाचता येत नाही म्हणून मी इथं कागदच्या कागद काळे करतेय. आईनं गल्लीत सगळ्यांना सांगून झालंय. मी मात्र बॅग भरते न् रिकामी करते.

आता ज्यासाठी लिहायला बसले ते सांगते, नाहीतर उत्तरं मागतामागताच कागद संपायचा. शिबिरातल्या एका सेटरचं बोट मोडलंय. तिथल्या मदतनीस कोच, लू बाई, यांचा मला फोन आला, आणि बोलता बोलता त्यांनी विचारलं की कुणाच्या बॉलवर तुझा हात चांगला बसतो. त्यांचं वाक्य पुरं व्हायच्या आत मी तुझं नाव घेतलं. त्या म्हणाल्या, ती तर निवृत्त झाली ना? मी म्हटलं, महिना अजून संपलेला नाही. तुला न विचारता केलं, आणि का केलं ते मला धड सांगता येत नाही. परतफेड म्हणून केलं असेल, स्वार्थ तर आहेच, आणि तुला पुन्हा समोर नाही, शेजारी बघायचं होतं, तेही आहे. शुक्रवारी सकाळी लू बाई, तू आता शिकवतेस त्या क्रीडाशाळेत येतील. तू लहान मुलींना शिकवत असशील, त्या मागं उभ्या राहून बघतील. त्यांना चहा पाजून वाटेला लावू नकोस, बॉल हातात घे. आपल्या बाई सांगत होत्या की तू चौकातल्या गाडीवर काडीला लावून भाजलेलं मटण खाताना दिसलीस. ते ऐकून मी रडले, कारण मांसात काही औषध असलं तर उत्तेजकांच्या तपासणीत अडकू या धास्तीनं आपण बाहेरच्या मांसाला कधी हात लावला नाही, आणि तू ते खाल्लंस म्हणजे खरंच सोडलंस असं मला पहिल्यांदा वाटलं. आजपासून ते बंद कर. मी वर एवढं विचारलंय त्यातल्या एकाचंही उत्तर देऊ नकोस, नाही दिलंस तरी चालेल, मी तशीच गोंधळलेली उडत राहीन. यायचं नसेल तर लू बाईंना तोंडावर नको म्हणून सांग. बीजिंगची गाडी रविवारी सकाळची आहे. मी शेजारशेजारच्या दोन जागा धरल्या आहेत. त्यातली एक रद्द करता येते, ते विचारून ठेवलंय.

तुझीच, आणि तुझ्या शिव्यांना हक्काची,
मेंगलू