कॅटलॉगवरचं माझं नाव

प्रिय सुलू,

काल कोर्टाचा निकाल लागला. तुझ्याबरोबर अर्ज केलेल्या तिघीही कायम झाल्या. तुझा अर्ज, तू गेल्यावर तुझ्या तेजलने चालू ठेवलेला, तेवढा फेटाळला गं. सलग नोकरीचा पुरावा नाही म्हणे. पुरावा माझ्यापाशी होता, म्हणून आज लिहायला बसले.

दर एप्रिलअखेर शाळेतून तुला कमी करायचे आणि जूनमध्ये पुन्हा नवा अर्ज लिहून घ्यायचे. हंगामी बाईंना वर्गशिक्षिका कसं दाखवणार? म्हणून सहावी 'ब'च्या हजेरीच्या कॅटलॉगवर माझं नाव. चौदा वर्षं कव्हरवर मी आणि आत तू!

पोर दोन दिवस आलं नाही की शाळा सुटल्यावर तू वाकोल्याच्या गल्ल्यांत त्याचं घर शोधत जायचीस. मग समासात बारीक अक्षरात लिहायचीस, 'आई आजारी', 'चप्पल तुटली, लाजतो'. मी चिडवायचे, "हा कॅटलॉग आहे की तुझी डायरी?" कव्हरवरच्या नावाचं मी काही बोलले, की तू हसायचीस. "नाव कोणाचाय असांदे गो, पोरां माका ओळखतत ना."

मग केस उभी राहिली आणि तू एकदाच मागितलंस. स्टाफरूममध्ये डबा खाताना म्हणालीस, "मंगल, हजेरी मी घ्यायचे एवढं लिहून देशील?" मी म्हटलं, "माझ्या रिटायरमेंटला दोन वर्षं राहिलीत गं, तेवढी जाऊ देत." तू "बरं" म्हणालीस आणि तुझ्यातलं एक घावन माझ्या डब्यात ठेवलंस.

रिटायर झाल्यावर तर कुणाची भीती नव्हती. तरी मी दिवाळीनंतर बघू म्हणत राहिले. खोटं कशाला बोलू, इतकी वर्षं तुझ्या कामावर सही ठोकली हे चारचौघांत सांगायची लाज वाटत होती. आणि तू तरी काय गं? एकदा भांडायचंस माझ्याशी. पुन्हा विषयसुद्धा काढला नाहीस आणि दिवाळीआधीच गेलीस.

काल संध्याकाळी तेजल घरी आली. वाटलं, आता ही ऐकवणार. तिने चहा घेतला आणि विचारलं, "मावशी, आईचं अक्षर तुम्ही ओळखाल ना? तिच्या नावापुढचं 'हंगामी' तेवढं काढायचंय मला." मला तिच्याकडे बघवेना.

तिच्या वकीलबाई म्हणाल्या, अपील करता येईल, कॅटलॉगही कोर्टात मागवता येतील. सोमवारी माझं प्रतिज्ञापत्र जातंय. त्यात लिहिलंय, कव्हरवरचं नाव माझं, आतली चौदा वर्षं सुलभाची. बोलावलं तर पानन् पान उघडून दाखवीन. आणि कुणी विचारलं, बाई, इतके दिवस गप्प का बसलात, तर तेही खरं सांगेन.

तुझी,
सहावी 'ब'ची कागदावरची वर्गशिक्षिका,
मंगल