वेण्या घालणारा गुंड

४ मार्च

सिनेमावाल्यांचा फोन! आमचं जुनं रॅप हवंय म्हणे — कॉलेजात असताना मी आणि दादानं केलेलं. मला वाटलं होतं, आम्हा दोघांखेरीज ते कुणाच्या लक्षातही नसेल. दिवसभर मशीनवर शिवताना तेच गुणगुणत होते. एक बाही उलटी लागली.

५ मार्च

आमचा काळा रंग, कुरळे केस. पडद्यावर आमच्यासारखा माणूस दिसला की समजायचं — चोर, नाहीतर गुंड. बाबा त्यातलेच, सिनेमात मार खाणारे. थिएटरात आई कोपरानं ढोसायची, ते बघ बाबा! तोवर बाबा जिन्यावरून गडगडत खाली. आम्ही पोट धरून हसायचो. शाळेत मात्र आम्ही दिसलो की पोरं दप्तरं जवळ ओढायची.

दादा त्यावरूनच पेटला. जिन्याखाली बसून तो तोंडानं ठेका धरायचा, मी म्हणायचे —

रंग बघून बापाच्या हाती दिलात सुरा,
घरी माझ्या वेण्या घालतो — तोही सीन करा!

पुलाखाली म्हटलं तेव्हा आमच्यासारखी केवढी पोरं जमली होती! सगळी एका दमात — तोही सीन करा! आज नुसतं लिहितानाही अंगावर काटा आला. काय दिवस होते!

६ मार्च

गाणं गाजलं आणि बाबांची कामं बंद झाली. फाइटमास्तरनं बोलावणं सोडलं असणार. बाबा गोदामावर पहाऱ्याला जाऊ लागले. आम्हाला एका शब्दानं बोलले नाहीत. मग आमचंही गाणं सुटलं.

९ मार्च

सीन कळला. गुंडांची टोळी गल्लीत शिरते, तेव्हा मागे आमचं गाणं! आणि गुंड कोण? आमच्याच रंगाची मुलं.

दादाला फोन केला. तो आता गाडी चालवायला शिकवतो. म्हणाला, देऊन टाक. आपल्या ओरडण्यानं काय बदललं? बाबांचं काम तेवढं गेलं.

खरंच आहे. उद्या हो म्हणून कळवते.

१० मार्च

कळवण्याआधी बाबांना सांगितलं. ते म्हणाले, "कामं कुणी बंद केली नव्हती गं. फाइटमास्तर बोलवायला आला होता, मीच नाही म्हणालो. पुलाखाली तुमच्या मागे उभा होतो मी. ते ऐकल्यावर सुरा कसा धरायचा हातात?"

सिनेमावाल्यांना नकार कळवला. मग दादाला फोन लावला आणि बाबांच्या हातात दिला.