दारासमोरच्या भिंतीवर काय आहे

प्रिय आई,

पाकीट पाहून तू आधी घाबरशील, मग घरभर चष्मा शोधशील, आणि तो डोक्यावरच आहे हे कळलं की स्वतःशी हसशील. हसून घे. मग बसून वाच, उभ्याने नको. मी धडधाकट आहे, वेळेवर जेवते, कामावर जाते. हे आधीच सांगून टाकते, कारण पुढचं वाचताना तुझा जीव थाऱ्यावर राहणार नाही. फोनवर सांगायचं ठरवलं होतं, पण फोनवर तू रडायला लागतेस आणि मग मी तुलाच समजावत बसते. सांगायचं तसंच राहून जातं.

त्या रविवारी सकाळी मी माझ्याच घराबाहेर अडकले. कचऱ्याची पिशवी जिन्याखालच्या डब्यात टाकून वर आले, तर वाऱ्याने दार ओढलं गेलेलं आणि लॅच बसलेलं. अंगात गाऊन, केस ओले, पायात तू विसरून गेलेल्या चपला. आत गॅसवर बटाटे उकडत ठेवलेले, फोन आत, चावी आत. पहिली पाच मिनिटं मी नुसतं दाराकडे बघत राहिले, जणू ते माझी दया येऊन उघडणार होतं. मग समोरच्या मास्तरांचं दार वाजवलं. मास्तर कानातलं यंत्र काढून पेपर वाचतात, त्यामुळे माझे हात दुखायला लागले तेव्हा कुठे ते बाहेर आले. त्यांनी बसायला स्टूल दिलं, फोन दिला, आणि एकटं राहणाऱ्या बायकांनी चावी गळ्यात अडकवून फिरावं असा सल्लाही दिला. आपल्या जिन्यात मीटरच्या पेटीवर एका चावीवाल्याचा नंबर चिकटवलेला आहे, तुला आठवत असेल, तू तो कागद नखाने काढायला बघत होतीस. बरं झालं निघाला नाही. त्यालाच फोन लावला.

मला वाटलं होतं, तो फक्त पत्ता विचारेल आणि हातोडा घेऊन येईल. तर त्याने प्रश्नांची फैरच झाडली. आत एखादं मूल किंवा म्हातारं माणूस आहे का? गॅस चालू आहे का? दार नुसतं ओढलं गेलंय की चावीही फिरवलीय? किती होतील ते त्याने फोनवरच सांगितलं आणि दार पाहून आकडा बदलणार नाही, असंही. मी येईपर्यंत दाराला कोणाला हात लावू देऊ नका, म्हणाला. शेजारीपाजारी मदत म्हणून स्क्रू-ड्रायव्हर खुपसतात, कुलपाची वाट लावतात, आणि मग ते तोडण्यावाचून इलाज उरत नाही. (मास्तर तेवढ्यात स्क्रू-ड्रायव्हर घेऊन आलेच होते.) आणि शेवटी म्हणाला, ओळखपत्र आत असलं तर दार उघडल्यावर दाखवा, पण दाखवायचंच. मला बरं वाटलं. म्हटलं, माणूस चोख आहे.

अर्धा तास मी स्टुलावर बसून होते. आतून बटाट्याच्या पाण्याचा आवाज येत होता आणि मला सात महिन्यांपूर्वी सोडलेलं नवऱ्याचं ते दुसरं घर आठवत होतं. तुला आठवतं ना, तू न कळवता आली होतीस आणि मी दार उघडलं नव्हतं? खिडकीतूनच तुझ्याशी बोलले. चावी हरवलीय, म्हणाले. तू डबा खिडकीच्या कठड्यावर ठेवलास, माझ्या मनगटाच्या पट्टीकडे बघितलंस, आणि बसची वेळ झाली म्हणून निघून गेलीस. चावी हरवली नव्हती, आई. ती त्याच्या खिशात होती. रोज असायची. मी फक्त कामावर जायला बाहेर पडायचे, आणि परत आले की तो दारात मनगटावरच्या घड्याळाकडे बघत उभा असायचा. सहा वाजून दहा मिनिटं, सहा वाजून पंचवीस मिनिटं. ते आकडे तो एका चिठ्ठीवर लिहायचा आणि चिठ्ठी भिंतीवरच्या घड्याळामागे खोचून ठेवायचा. महिनाअखेर तिचं वाचन व्हायचं. मनगट मी न्हाणीघरात पडून मोडलं नव्हतं, हे तुला तेव्हाच कळलं होतं असं मला वाटतं. तू विचारलं नाहीस, मीही बोलले नाही. आपल्या दोघींचं असंच चालत आलंय.

चावीवाला आला. पन्नाशी उलटलेला, सडपातळ, खांद्याला कॅनव्हासची पिशवी. जिना चढून वर आला, दार पाहिलं आणि थबकला. दारावरचा नंबर पाहिला, परत खाली जिन्याकडे पाहिलं. पिशवी खाली ठेवली, पण उघडली नाही. मग मला विचारलं, तुम्ही इथे एकट्याच राहता का. आई, मी गाऊन अंगाभोवती ओढून घेतला. अनोळखी पुरुषाने हा प्रश्न विचारला की बाई काय समजते ते तुला सांगायला नको. मी धडधडीत खोटं बोलले. दोन भाऊ असतात, म्हणाले, आत्ताच दूध आणायला गेलेत. त्याने मान हलवली. मास्तरांना म्हणाला, तुम्ही इथेच थांबा. मग मला म्हणाला, मी दार उघडायच्या आधी एक गोष्ट विचारतो, माझ्या उस्तादांनी घालून दिलेला नियम आहे. ओळखपत्र कोणीही कुठूनही आणतो. पण घर ज्याचं असतं त्याला आतलं माहीत असतं. दार उघडल्या उघडल्या समोरच्या भिंतीवर काय आहे?

मला हसू आलं. म्हटलं, हा तर सोपा पेपर आहे. घड्याळ आहे, म्हणाले. बरेच महिने चार वाजून वीस मिनिटांवर अडकलं होतं, नवा सेल घालूनही हललं नाही, आणि गेल्या आठवड्यात आपोआप चालू झालं. तुलाही मी हे फोनवर सांगितलं होतं बघ, कामावरून आले तर टिकटिक ऐकू आली, चला, आपली वेळ बदलली. तू हसली होतीस. चावीवाला हसला नाही. त्याने पिशवीतून जुनी एक्स-रेची फिल्म काढली, कुणाच्या तरी बरगड्या होत्या तिच्यावर, ती दाराच्या फटीत सरकवली, दार जरासं आपल्याकडे ओढलं, आणि मिनिटभरात ते उघडलं. ज्या दाराच्या भरवशावर मी सात महिने झोपत होते, ते एका फिल्मने उघडलं.

गॅस मी धावत जाऊन बंद केला. ओळखपत्र आणून दाखवलं. त्यावर अजून लग्नानंतरचंच नाव आहे, बदलायचा कंटाळा केला. ते नाव वाचून तो माणूस जिन्याच्या पायरीवर बसला. म्हणाला, ताई, मी हे दार गेल्या मंगळवारी दुपारी उघडलंय.

मग त्याने सगळं सांगितलं, माझ्याकडे न बघता. एका गृहस्थांचा फोन आला. कपडे नीटनेटके, बोलणं मऊ. म्हणाले, बायको कामावर गेलीय, चावी तिच्याकडेच आहे, मी बाहेर अडकलोय. त्यांनी ओळखपत्र दाखवलं, तुमचंच आडनाव. लग्नाचा दाखला दाखवला. मोबाइलमध्ये तुमचा दोघांचा फोटो. तरी मी नियमाने विचारलं, समोरच्या भिंतीवर काय आहे. ते लगेच म्हणाले, घड्याळ, बंद पडलेलं, चार वीस दाखवतं. दार उघडलं तर अगदी तसंच होतं. मी माफी मागितली, ताई, त्यांच्यावर शंका घेतली म्हणून. आणि त्यांनी सांगितलं म्हणून कुलपावरून एक चावीही बनवून दिली.

मंगळवार ते रविवार. सहा दिवस मी त्या घरात राहिले, झोपले, अंघोळ केली, आरशासमोर गाणी म्हटली. मंगळवारपासूनच ते घड्याळ चालू होतं. बंद घड्याळ त्याला बघवत नाही, हे मला ठाऊक होतं, पण डोक्यातच आलं नाही. न्हाणीघरातला टॉवेल तिपदरी घडी घातलेला दिसायचा, मी कधी तशी घडी घालत नाही, तरी मला वाटायचं, मीच हल्ली नीटनेटकी व्हायला लागले.

उंबऱ्याच्या आत पाऊल टाकायची माझी हिंमत होईना. गॅस बंद करायला मी धावत आत गेले होते, ते आठवून आता मी चौकट धरून बाहेरच उभी राहिले. चावी त्याच्याकडे होती, म्हणजे तो आतही असू शकत होता. मी चावीवाल्याला म्हणाले, आधी तुम्ही जा. त्याने पलंगाखाली पाहिलं, कपाट उघडलं, न्हाणीघराचं दार पूर्ण ढकललं, पडद्यामागे हात फिरवला. मास्तर दारात छत्री उगारून उभे होते, एरवी मी पोट धरून हसले असते. आत कोणी नव्हतं. मग मी स्वतः आत गेले आणि घड्याळ भिंतीवरून काढलं. का ते मला कोणी सांगायला नको होतं. मागे चिठ्ठी होती. त्याचं अक्षर, बारीक, सरळ ओळीत. सहा चाळीस. सहा पंचावन्न. सात दहा. सहा चाळीस. मंगळवार ते शुक्रवार मी कामावरून किती वाजता घरी आले, ते. म्हणजे तो रोज रस्त्यावर कुठेतरी उभा राहून बघत होता, आणि मी नसताना येऊन लिहून जात होता. त्या गुरुवारी मी सात दहाला आले, कारण एका आजींची कवळी हिरड्यांना टोचत होती आणि ती घासायला थांबले होते. मी तिकडे कवळ्यांच्या दुकानात दात बनवत होते आणि तो माझ्या घराखाली मिनिटं मोजत होता.

चावीवाल्याने त्याच दुपारी नवं कुलूप बसवलं. एक पैसा घेतला नाही. आतून जाड कडीही बसवली आणि तिन्ही चाव्या माझ्या हातात मोजून दिल्या.  तीस वर्षांत पहिल्यांदा नियम पाळून फसलो, म्हणाला. आमच्या दुकानाच्या बाईंनी मला पोलिसांत नेलं. त्यांनी लिहून घेतलं. एकजण मात्र म्हणाला, नवराच आहे ना, चोरी तर नाही केली काही. त्या रात्रीपासून मी दुकानाच्या मागच्या खोलीत झोपायला लागले, प्लास्टरच्या पोत्यांशेजारी. जरा खुट्ट झालं की उठून बसायचे. अजूनही बसते.

आता तुझ्यापाशी येते. आई, त्याच्याआधी त्या घरात माझ्याशिवाय आत आलेलं माणूस एकच. मास्तर कधी उंबरा ओलांडत नाहीत, दुकानातलं कोणी आलं नाही. तू चार दिवस राहून गेलीस आणि चारही दिवस म्हणत होतीस, हे घड्याळ काढ तरी नाहीतर दुरुस्त कर, चार वीस बघून बघून डोकं फिरतं. त्या रविवारी संध्याकाळी मी तुला फोन करून विचारलं, मध्यंतरी तो तुझ्याकडे आला होता का. तू आधी माझं जेवण झालं का ते विचारलंस. मग म्हणालीस, रडत होता गं. तुझी औषधं घेऊन आला होता, तुझ्या पायाशी बसला, मी चुकलो म्हणाला, आणि तू त्याला चहा दिलास. पत्ता तर दिलाच असशील, आणि पुढे तू काय बोलली असशील ते मला तुझ्या आवाजात ऐकू येतं. बरी आहे ती, तिसऱ्या मजल्यावर छान खोली आहे, उजेड आहे, फक्त ते मेलं बंद घड्याळ समोरच टांगून ठेवलंय. तुझ्या मनात काही वाईट नव्हतं. लेकीचा संसार परत जुळावा एवढंच होतं. मी रागावले नाही असं लिहिणार होते, पण रागावले. खूप रागावले. नंतर राग गेला आणि भीती तेवढी उरली.

म्हणून हे पत्र. मी ती खोली सोडली आहे, गावही सोडलं आहे. काम मिळालं आहे, तेच दातांचं. पाकिटावर माझा पत्ता नाही आणि शिक्का ज्या गावाचा आहे तिथे मी राहत नाही, कोणाच्या तरी हाती तिथल्या टपालात टाकायला दिलं आहे. तो परत तुझ्याकडे येईल, पायाशी बसेल, रडेल, आणि तू हे पत्र त्याला दाखवशील. दाखव. त्याला उपयोगी पडेल असं त्यात मी काही ठेवलेलं नाही. मी फोन करत जाईन, तुझी तब्येत विचारीन, औषधं घेतलीस का म्हणून ओरडेन, पण कुठून बोलतेय ते सांगणार नाही आणि ये असं म्हणणार नाही. दारात रडणाऱ्या माणसाला तुला नाही म्हणता येत नाही. मलाही येत नव्हतं, तुझीच मुलगी आहे. तू विचारशील, निदान नवी खोली कशी आहे ते तरी सांग, म्हणजे डोळ्यांसमोर आणता येईल. आई, दार उघडल्यावर समोरच्या भिंतीवर काय आहे, तेवढंही मी तुला सांगणार नाही.

कुठेही असले तरी तुझीच,
धाकटी