दहा टक्क्यांच्या काठावर

३ तारीख
साहेबांनी आज बेकारांना अख्ख्या गावाने भागलं! पाळण्यातली बाळं, अंथरुणाला खिळलेले म्हातारे — सगळे हिशोबात. बेकारी म्हणे साडेचार टक्क्यांच्या आत! मला राहवलं नाही. म्हटलं, "साहेब, पाळण्यातलं बाळ नोकरी शोधतं का? कामावर असलेले आणि काम शोधणारे, एवढ्यांनीच भागायचं." कामावर १७८०, शोधणारे २२०. मिळून दोन हजार. २२० भागिले २०००, गुणिले शंभर — अकरा टक्के.

वीस तारखेच्या अहवालात बेकारी दहा टक्के किंवा त्याच्या वर राहिली, तर प्रत्येक बेकाराच्या घरी सरकारी भत्ता. काचकारखान्याला कुलूप लागल्यापासून माझा नवरा आणि धाकटा भाऊ, दोघंही त्या २२०मध्ये.

"पण काम शोधतोय हे कळतं कसं?" साहेबांनी विचारलं. सांगितलं — महिन्याला एकदा आमच्या रोजगार कार्यालयाच्या खिडकीवर कार्डावर शिक्का घ्यायचा. आला नाही, तर तो काम शोधत नाही असं धरून हिशोबातून बाद. "अस्सं!" म्हणाले. शहाणपणा मिरवायची खोड कधी जाणार माझी?

५ तारीख
धाकट्याला नोकरी लागली! आमच्याच कार्यालयाचा पहारेकरी. तोंड झाकणारं हेल्मेट आणि लाठी. असे वीस जण घेतले, सगळे शिक्क्याच्या रांगेतलेच. नवरा म्हणाला, "चला, मेहुणा कमावता झाला, आता त्याच्या जिवावर आडवं पडायचं!" खूप दिवसांनी घर हसलं.

शोधणारे २००. बरोब्बर दहा टक्के. काठावर.

९ तारीख
पहारेकऱ्यांनी रांगेवर लाठ्या चालवल्या. कारण? काही नाही! "गर्दी करता काय!" — आणि सुरू. रांगेतल्या एका गवंड्याचे दात माझ्या खिडकीच्या फळीवर पडले. मी उचलून रुमालात बांधले, काय करायचं ते सुचेना. नवऱ्याचं कपाळ फुटलं.

धाकटा घरी आला, मान खाली घालून जेवला. "मी नुसतं ढकललं, ताई." ताट त्याच्या अंगावर भिरकावलं मी.

१२ तारीख
चाळीस जण फिरकलेच नाहीत. शोधणारे १६०, खालची संख्याही १९६०. आठ पूर्णांक सोळा.

कोणाला नोकरी लागली नाही, आणि बेकारी कमी झाली! साहेब पेढा मिळाल्यासारखे खूश. "तुम्हीच शिकवलंत की, बाई." पेपरवेट हातात होता. ठेवला. का ठेवला?

१४ तारीख
दोन दिवस नवरा दारोदार फिरला. "मार खाऊ, पण मोजले जाऊ!" राहिलेले चाळीसच्या चाळीस आले — पट्ट्या बांधलेले, लंगडणारे. गवंडी तोंडावर फडकं धरून. मी शिक्के मारत गेले. दोनशेवं कार्ड नवऱ्याचं. डोळा मारला मला, मेल्यानं.

वळला, आणि मागून लाठी. कवटीचा आवाज मी ऐकला.

१६ तारीख
गेला.

चौकीवर लिहून घेतलं — 'पडून डोक्याला मार.'

धाकटा दवाखान्याच्या जिन्यात बसला होता. "लाठी माझी होती, ताई. हेल्मेटातून दिसलं नाही… पडल्यावर सदरा ओळखला. भाऊजींचा." मी त्याला लाथांनी जिन्यावरून खाली लोटलं. वर हातसुद्धा उचलला नाही त्यानं. उचलला असता तर मला बरं वाटलं असतं.

१८ तारीख
कामावर गेले. घरात त्याच्या चपला दिसतात.

साहेब म्हणाले, "वाईट झालं. पण मयत दोन्हीकडून वजा करायचा, नियम तुम्हाला ठाऊकच आहे." १९९ भागिले १९९९. नऊ पूर्णांक पंच्याण्णव. "धरून चालू दहा," मी म्हटलं. आयुष्यात पहिल्यांदा असलं काही म्हटलं! "नऊ म्हणजे नऊ, बाई."

दोनशे घरांच्या तोंडचा घास गेला — एका माणसाने. माझ्याच माणसाने.

२० तारीख
खिडकी बंद करायच्या वेळेला एक कार्ड आत सरकलं. वर पाहिलं. धाकटा. हेल्मेट नाही, लाठी नाही. नोकरी सोडली म्हणून बाकीच्या पहारेकऱ्यांनी तुडवलेला, एक डोळा बंद, ओठ फाटलेला. "काम शोधतोय," एवढंच म्हणाला.

शिक्का त्याच्या बोटांवर हाणावासा वाटला. हाडं मोडेपर्यंत.

कार्डावर मारला. दोनशे भागिले एकोणीसशे नव्याण्णव. दहाच्या वर.